आतला पॅड

सिल्लोडला माझे बी-बियाण्यांचे दुकान आहे. मे संपत आला की गिऱ्हाइकांना मी तेच ते सांगत बसतो: बिल घ्या, पिशवी फेकू नका, तिचा टॅग जपा, मूठभर बी बाजूला काढून ठेवा. उद्या उगवलंच नाही तर तक्रार कशाच्या जोरावर करणार? हे शहाणपण वाटणाऱ्या माणसाने स्वतःच्या गाडीचे पुढचे ब्रेक पॅड मात्र बिलाशिवाय, खोक्याशिवाय, साध्या प्लास्टिकच्या पिशवीतून काढलेले घेतले. साडेचारशे रुपयांत. पुढची सगळी हकिकत त्या साडेचारशेची आहे.

गाडी जुनी वॅगन आर. घरातली पाच माणसे, आठवड्याला संभाजीनगरची एक फेरी, कधी डिकीत बियाण्याची दोन खोकी. पॅड बदलायला झाले तेव्हा संभाजीनगर-जळगाव रस्ता खोदून ठेवलेला होता. ज्यांनी ती वर्षे या रस्त्यावर काढली त्यांना वेगळे सांगायला नको. उन्हाळ्यात पुढची गाडी दिसणार नाही इतका फुफाटा, पावसाळ्यात काळ्या मातीचा राडा. तो चाकांच्या आत कुठे कुठे जाऊन बसतो याचा विचार आपण करत नाही. गाडी बाहेरून धुतली की आपले समाधान.

पॅड बसवले ते रस्त्याकडेच्या एका गॅरेजमध्ये, जेमतेम वीस मिनिटांत. चाक काढले, जुने पॅड उपटले, नवे ढकलले, चाक लावले. मी चहा पीत उभा होतो. काम झटपट झाले याचाच आनंद.

पाच-सहा महिन्यांनी वळणावर गाडी कलली की डॅशबोर्डवर तांबडा दिवा लुकलुकू लागला. पेट्रोल पंपावर एकाने बॉनेट उघडून पाहिले आणि म्हणाला, "ब्रेक ऑइल कमी झालंय, टाका थोडं." बाटली आणली, डबी काठापर्यंत भरली, दिवा गेला. आपण स्वतः दुरुस्ती केली म्हणून घरी सांगूनही झाले.

हीच पहिली घोडचूक. ब्रेक ऑइल गाडी पीत नाही. पॅड झिजतो तसा पिस्टन बाहेर सरकत जातो, त्याच्या मागची जागा ऑइल भरून काढते, म्हणून वरच्या डबीतली पातळी उतरते. म्हणजे तो दिवा एक तर गळती तरी सांगत असतो, नाही तर पॅड संपत आल्याचे. मी त्याच्या तोंडावर बोळा बसवला.

मनात शंका होतीच. एका रात्री मोबाइलचा टॉर्च लावून चाकाच्या फटीतून डोकावलो. बाहेरचा पॅड चांगला जाड दिसला. निर्धास्त झोपलो.

दिवाळीत नाशिकहून ताई, दाजी आणि त्यांची मुले आली. अजिंठ्याच्या लेण्या दाखवायच्या ठरल्या. सोमवारी बंद असतात म्हणून मंगळवारी निघालो, गाडीत सहा जण. अजिंठा गाव मागे पडले की पठार संपते आणि रस्ता फर्दापूरकडे उतरू लागतो. मी चौथ्या गिअरवर, पाय ब्रेकवर ठेवून गप्पा मारत उतरत होतो. खरे सांगायचे तर काही ठिकाणी न्यूट्रलही केली. पेट्रोल वाचते असा आपल्याकडे मोठा समज आहे.

पुढे कापसाने भरलेला आयशर होता. त्याने वेग कमी केला, मी ब्रेक दाबला आणि डाव्या चाकातून खर्रर्र असा आवाज आला, दगडावर पत्रा ओढल्यासारखा. त्याच क्षणी स्टिअरिंग हातातून उजवीकडे ओढले गेले. उजवीकडे म्हणजे घाट चढून येणाऱ्या गाड्यांकडे. समोरून एसटी येत होती. मी दोन्ही हातांनी स्टिअरिंग डावीकडे धरून ठेवले, दाजी ओरडले, "गिअर टाका, गिअर!" तिसरा टाकला, मग दुसरा. इंजिन गुरगुरले आणि गाडीचा वेग मोडला. ताई मागे काही बोलली नाही. ते न बोलणे मला अजून ऐकू येते.

उजवीकडेच का ओढली ते नंतर कळले. डाव्या चाकाचा ब्रेक मेला होता, उजव्याचा जिवंत होता. ज्या बाजूचा ब्रेक लागतो त्या बाजूला गाडी वळते.

लेण्यांच्या फाट्यावर खासगी गाड्या थांबवतात, पुढचे चार किलोमीटर बसने जायचे असते. मंडळींना बसमध्ये बसवले आणि मी चाकाशी बसलो. डाव्या चाकातून धुराची बारीक रेघ निघत होती. जळक्या रबरासारखा, पण त्याहून उग्र वास. एक चहावाला पाण्याची बाटली घेऊन धावत आला, "ओता, ओता." मी ओतणार होतो, तेवढ्यात सिल्लोडच्या चाचांना लावलेला फोन उचलला गेला. चाचा तीस वर्षे गाड्या दुरुस्त करतात. पहिले वाक्य हेच, "पानी मत डालो, डिस्क तडकेगी." दुसरे, "गाडी चलाके मत लाओ." मी म्हणालो, आता तर चढच आहे, ब्रेक लागतोच कशाला? ते म्हणाले, "चढ तो चढोगे शेठ, आगे गोळेगाव में बैल आडवा आया तो?"

मंडळी एसटीने सिल्लोडला आली. गाडी क्रेनने, पुढची चाके उचलून. अडीच हजार.

चाचांच्या शेडमधला तो अर्धा तास नीट सांगतो, कारण सगळे शिकायचे तिथेच होते. त्यांनी डाव्या चाकाचे दोन्ही पॅड काढून माझ्या तळहातावर ठेवले. बाहेरचा जवळपास सात मिलिमीटर शिल्लक. आतल्याला काहीच नाही. नुसती पोलादी पाटी, उष्णतेने निळीजांभळी झालेली, एका बाजूला पाचरीसारखी तिरपी घासलेली. डिस्कवर नख फिरवले तर नांगरटीचे तास लागावेत तशा खाचा. "आपने बाहर का देखा," चाचा म्हणाले, "घिसता अंदर का है."

छोट्या गाड्यांच्या पुढच्या चाकात बहुधा एकच पिस्टन असतो, तोही आतल्या बाजूला. पेडल दाबले की तो आतला पॅड डिस्कवर टेकवतो. टेकला की सबंध कॅलिपर दोन पिनांवर आतल्या बाजूला सरकतो आणि बाहेरच्या पॅडला ओढून डिस्कवर आणतो. या पिना मोकळ्या असतील तरच दोन्ही पॅड सारखे काम करतात. आमच्या रस्त्याचा राडा रबरी टोपीच्या फाटक्या कडेतून पिनेपर्यंत गेला होता. पिन गंजून जाम. कॅलिपर सरकेना, बाहेरचा पॅड नुसता पाहुणा, सगळा भार आतल्यावर. आणि फटीतून मला दिसत होता तो पाहुणा.

ते वीस मिनिटांचे काम झटपट का झाले याचेही उत्तर मिळाले. पिना बाहेर काढणे, गंज घासणे, टोप्या पाहणे, ग्रीस भरणे यालाच तर वेळ लागतो.

मग चाचांनी पॅडची पाठ उलटी करून दाखवली. कोरी. ना कंपनी, ना बॅच नंबर, ना अक्षरे. बऱ्या पॅडच्या पाठीवर किंवा कडेला इतर आकड्यांबरोबर इंग्रजी अक्षरांची जोडी छापलेली असते, 'एफएफ' किंवा 'जीजी' अशी. पहिले अक्षर नेहमीच्या वापरातली पकड सांगते, दुसरे तापल्यानंतरची. ई म्हणजे घर्षणांक 0.25 ते 0.35, एफ म्हणजे 0.35 ते 0.45, जी त्याच्या वर. दुसरे अक्षर पहिल्यापेक्षा खालचे असेल तर घाटात तो पॅड ढिला पडणार असे समजा. माझ्या पॅडला एक बारीक पत्र्याची जीभही नव्हती. अनेक चांगल्या पॅडना ती असते. पॅड संपत आला की ती डिस्कला घासून किंचाळते. महिनाभर कानाला त्रास देणारी ती किंचाळी हीच खरी सूचना. माझा पॅड मुका होता. टॅग नसलेले बी गिऱ्हाइकाने घेतले असते तर मी त्याला किती बोललो असतो!

ब्रेकच्या या धंद्याचा उगम शेतकऱ्यांच्या जुन्या बुटांत असल्याचे सांगतात. इंग्लंडच्या डोंगराळ भागात उतारावर घोडागाडीच्या चाकाला जुना बूट दाबून धरत. ते पाहून हर्बर्ट फ्रूड नावाच्या माणसाने ब्रेकचे ठोकळे करायला घेतले आणि 1897 साली कंपनी काढली. आपल्या आडनावाची अक्षरे उलटसुलट करून, त्यात बायकोच्या एलिझाबेथ या नावातला 'ई' घालून त्याने नाव तयार केले: फेरोडो. त्या नावाची मुंबईतली कंपनी पुढे हिंदुस्थान कंपोझिट्स झाली आणि तिचा एक कारखाना आपल्याच जिल्ह्यात, पैठणला आहे. पैठणीच्या गावात घर्षणाचा माल बनतो, आणि मी पिशवीतला निनावी माल घेतला.

एके काळी या मालात ॲस्बेस्टॉस सर्रास असे. निनावी पॅडमध्ये आजही काय भरले आहे कोण जाणे. म्हणून चाकाच्या आतली काळी भुकटी तोंडाने किंवा हवेच्या पाइपने उडवू देऊ नका. ओल्या फडक्याने किंवा ब्रेक क्लीनरने काढायला सांगा. आमच्याकडे मेकॅनिकची पोरे ती फुंकर मारून उडवतात, मला पाहवत नाही.

आता कोणते पॅड घ्यावेत? घरच्या गाडीला कंपनीने मुळात बसवले त्याच प्रकारचे. सेमी-मेटॅलिक तापल्यावर चांगले पकडतात, पण आवाज करतात आणि डिस्क लवकर खातात. सिरॅमिक शांत असतात, भुकटी कमी, किंमत जास्त. आपण काही शर्यतीत उतरत नाही, आपल्याला सकाळच्या गारठ्यात पहिल्याच दाबाला लागणारा आणि घाटात न सुटणारा पॅड हवा. नाव असलेला, खोक्यावर गाडीचे मॉडेल आणि साल छापलेला, बिलासकट. खोके बिलासोबत ठेवा. दोन्ही चाकांचे एकदमच बदला. एक नवा, एक जुना म्हणजे पुन्हा गाडी एका बाजूला ओढणार.

डिस्कच्या कडेवर किंवा मधल्या भागावर कमीत कमी जाडीचा आकडा कोरलेला असतो. खाचा लेथवर काढून जाडी त्या आकड्याच्या वर राहत असेल तरच लेथला पाठवा. माझ्या राहत नव्हत्या. दोन डिस्क, पॅडचा संच, पिनांच्या टोप्या, मजुरी मिळून सहा हजार आठशे झाले. शिवाय पिस्टन मागे ढकलताना मी काठोकाठ भरलेले ब्रेक ऑइल डबीतून उसळून बाहेर आले आणि बॉनेटच्या कडेवर ओघळले. ते रंग खाते. आजही तिथे तळहाताएवढा पोपडा उडालेला आहे.

जुने ऑइल चाचांनी काढूनच टाकले. ते हवेतली ओल शोषते. डॉट 4 प्रकारचे ताजे ऑइल किमान 230 अंशांपर्यंत उकळू नये असा नियम आहे. ओल धरलेल्यासाठी तो आकडा 155 वर येतो. घाटात उकळले की नळीत वाफ होते आणि पेडल स्पंजासारखे खाली जाते. दोन वर्षांनी बदलावे. उघडून ठेवलेली जुनी बाटली वापरू नये. पंपावर मी घेतली तीही अर्धी उघडीच होती.

काम चालू असताना तिथेच उभे राहा. चहा नंतर. पिना हाताने सरकतात का ते स्वतः सरकवून पाहा. पिनांना ब्रेकचे वेगळे सिलिकॉन ग्रीस लागते. बेअरिंगचे साधे ग्रीस रबर फुगवते आणि पिन पुन्हा अडकते. काढलेला कॅलिपर नळीवर लोंबकळू देऊ नका, तारेने बांधायला सांगा. चाक लागल्यावर, गाडी जागची हलवण्याआधी, पेडल घट्ट होईपर्यंत दाबा. पिस्टन मागे ढकललेला असतो, पहिले तीन-चार दाब पोकळ जातात. गॅरेजच्या फाटकातच भिंतीला धडकलेली गाडी मी नंतर पाहिली आहे.

नवे पॅड डिस्कशी जुळवावे लागतात. चाचांनी मला पहाटे भोकरदनच्या रस्त्यावर पाठवले: पन्नासचा वेग, हळू दाबत पंधरावर आणायचा, पूर्ण थांबायचे नाही, थोडे चालवून गार होऊ द्यायचे, पुन्हा. दहा वेळा. पहिले दोन-तीनशे किलोमीटर करकचून ब्रेक नाही आणि भरल्या गाडीने घाट नाही.

तपासणी वर्षातून दोनदा, पावसाच्या आधी आणि नंतर. दहा हजार किलोमीटर त्याआधी भरले तर तेव्हा. चाक काढूनच. रुपयाची दोन नाणी एकावर एक ठेवली की साधारण तीन मिलिमीटर होतात; आतल्या पॅडचा मसाला तेवढा उरला की बदलायचा. किलोमीटरवर विसंबू नका. माझ्या मेहुण्याचे पॅड शहरात पंचेचाळीस हजार चालले, माझे चौदा हजारांत गेले. आणि घाट ज्या गिअरमध्ये चढता त्याच गिअरमध्ये उतरा. हे एसटीच्या चालकाला विचारा, तो तुमच्याकडे हसूनच पाहील.

परवा मृग लागायच्या आधी गाडी चाचांकडे नेली. डावीकडे आतला साडेसहा, बाहेरचा सात. एक पिन जरा जड सरकत होती. घासली, ग्रीस लावले, टोपी बसवली. चाळीस मिनिटे गेली. अकराला दुकान उघडले तेव्हा मक्याच्या बियाण्यासाठी दोघे पायरीवर बसूनच होते.