आपण कोणत्या पानावर वाढत आहोत?

शास्त्रपाठ : रोम. १२:१-२, २ करिंथ. ३:१८

पवित्र शास्त्रात टोळ, मुंगी, मधमाशी व कसर यांचा उल्लेख आहे. फुलपाखराचा मात्र नाही. तरीही पुनरुत्थानाच्या सणाला त्याचा दाखला हमखास ऐकू येतो : सुरवंट कोशात मरतो व फुलपाखरू होऊन उठतो. दाखला गोड आहे, पण अचूक नाही. कोशातील जीव मरत नाही. त्याच्या शरीराचा पुष्कळसा भाग विरघळून नवे अवयव घडतात; जीवन मात्र खंडित होत नाही. आपला प्रभू खरोखर मरण पावला व देवाने त्याला मेलेल्यांतून उठवले. त्याची कबर म्हणजे कोश नव्हे.

मग फुलपाखरापासून काय शिकावे? रोम. १२:२ मध्ये पौल मनाच्या नवीकरणाने होणाऱ्या रूपांतराविषयी लिहितो. तेथील मूळ ग्रीक क्रियापद ‘मेटामॉर्फोओ’ नव्या करारात चारच वेळा येते. मत्तय १७:२ व मार्क ९:२ येथे ते डोंगरावर झालेल्या प्रभूच्या रूपांतराविषयी आहे, रोम. १२:२ व २ करिंथ. ३:१८ येथे विश्वासणाऱ्यांविषयी. सुरवंटाच्या बदलाला शास्त्रज्ञ जो ‘मेटामॉर्फॉसिस’ शब्द लावतात, तोही याच कुळातला.

आम्हा बंगळूरकरांना बन्नेरघट्टा येथे २००६ साली सुरू झालेले फुलपाखरू उद्यान परिचित आहे. परंतु कर्नाटकाचे राज्य फुलपाखरू ‘सदर्न बर्डविंग’ याचे खरे घर म्हणजे सह्याद्रीची दाट वने. महाराष्ट्रात आंबोलीच्या परिसरातही ते दिसते. त्याचे पुढचे पंख काळे, मागचे सोनेरी पिवळे. पंखांचा विस्तार १४ ते १९ सेंटिमीटर. झाडांच्या शेंड्यांवरून ते पक्ष्यासारखे संथ तरंगते व मध घेण्यास फुलांवर उतरते.

एवढे मोठे, एवढे उठून दिसणारे, तरी पक्षी सहसा त्याच्या वाटेला जात नाहीत. याचे कारण त्याच्या बालपणात आहे. मादी पुढच्या पायांनी पानाची चव पारखते व ईश्वरी, म्हणजे सापसंद, किंवा तिच्या कुळातील वनस्पतीवरच अंडी घालते. सुरवंट तीच पाने खातो. त्यांतील विषारी द्रव्य त्याला बाधत नाही. ते त्याच्या शरीरात साठते, कोशातही टिकते व पंख फुटल्यावर त्याचे रक्षण करते. रूप पालटले, तरी खाल्लेले अन्न सोबत राहते.

प्रिय वाचकहो, मनाचेही असेच आहे. जे आपण रोज मनात घेतो, तेच परीक्षेच्या घडीला आपल्यातून प्रकट होते. वधस्तंभाचे वचन जगाला मूर्खपणा वाटते, पण तारण पावणाऱ्यांना ते देवाचे सामर्थ्य आहे (१ करिंथ. १:१८). त्या वचनावर पोसलेले मन युगाच्या साच्यात सहज बसत नाही. येथे धोकाही आहे. शास्त्राची पाने दिवसभर हाताळूनही मन उपाशी राहू शकते; भाषांतरकारही त्याला अपवाद नाही. सुरवंट पानावर नुसता बसत नाही, ते खातो.

दाखल्याची मर्यादाही ओळखावी. सुरवंट निसर्गनियमाने पालटतो, आपण नाही. पौलाचे क्रियापद कर्मणी प्रयोगात आहे : रूपांतर करणारा पवित्र आत्मा आहे, आपण स्वतःला त्याच्या हाती द्यावयाचे. त्याचा काळही चालू क्रिया दाखवतो. हे काम एका दिवसात आटोपत नाही. म्हणून आपल्या वाढीची गती मंद दिसली, तरी कोणी निराश होऊ नये.

मननासाठी प्रश्न
१. गेल्या आठवड्यात माझे मन प्रामुख्याने कशावर पोसले गेले?
२. मादी पान पारखून अंडी घालते. आपल्या मुलांना आपण कोणत्या पानावर ठेवीत आहोत?