फेराचे नृत्य आणि धम्म : जपानी लोकनृत्याचा एक अभ्यास

उपोसथदिनी आपल्या विहारांतून अष्टशील ग्रहण केले जाते. त्यातील सातवे शील नृत्य, गीत, वादन आणि खेळतमाशे यांपासून विरत राहण्याचे आहे. हेच शील घेणारे विद्यार्थी स्नेहसंमेलनात ढोलाच्या ठेक्यावर नाचतात, तेव्हा काही पालकांच्या मनात शंका येते : बौद्ध निवासी शाळेत नृत्य शिकवावे काय? शंका रास्त आहे. तिचा विचार करताना, ज्या देशात बौद्ध परंपरा आणि लोकनृत्य शतकानुशतके एकमेकांच्या सोबतीने वाढले त्या जपानकडे पाहणे आम्हांस उद्बोधक वाटते.

प्रथम शीलाचा अर्थ पाहू. उपासकाच्या नित्य पंचशीलात नृत्यगायनाचा निषेध नाही. तो भिक्षूंसाठी कायमचा आणि उपासकांसाठी उपोसथव्रतापुरता आहे. संयुत्तनिकायात तालपुट नावाच्या नटप्रमुखाची कथा येते. लोकांना हसविणारा नट मरणानंतर हसणाऱ्या देवांत जन्म घेतो, हे खरे काय, असे त्याने भगवंतांना विचारले. तिसऱ्यांदा विचारल्यावर भगवंतांनी सांगितले की, राग, द्वेष व मोह यांनी आधीच बांधलेल्या लोकांत तेच विकार चेतविणाऱ्या नटाची गती चांगली होत नाही. तालपुटाने प्रव्रज्या घेतली आणि पुढे तो अर्हत झाला. या कथेतून आम्हांस एक कसोटी मिळते : ही कला विकार वाढविते, की माणसाला माणसाजवळ आणते?

ही कसोटी हाती धरून जपानकडे वळू. बोधिसेन नावाचे भारतीय भिक्षू इ.स. ७३६ मध्ये तेथे पोहोचले. नारा येथील तोदाईजी विहारातील महाबुद्धमूर्तीचा नेत्रोन्मीलन विधी ७५२ मध्ये त्यांच्याच हस्ते झाला. त्या सोहळ्यात देशोदेशींची नृत्ये आणि मुखवट्यांचे 'गिगाकु' नाट्य सादर झाले. त्यांतील काही मुखवटे आजही जतन केलेले आहेत. बोधिसेनांचे सहप्रवासी, चंपा देशाचे म्हणजे आजच्या व्हिएतनामच्या भागातील भिक्षू बुत्तेत्सु यांनी तेथे नृत्यसंगीत शिकविले, असे परंपरा सांगते.

ही झाली राजदरबाराची आणि मोठ्या विहारांची कला. सामान्य जनांपर्यंत नृत्य पोहोचविले ते फिरत्या भिक्षूंनी. दहाव्या शतकात कुया (९०३–९७२) हे भिक्षू क्योतोच्या रस्त्यांवर, बाजारांत अमिताभ बुद्धाचे नाम गात हिंडले. तेराव्या शतकात इप्पेन (१२३९–१२८९) यांनी गावोगावी हेच नामस्मरण नृत्यासह केले. १२७९ मध्ये शिनानो प्रांतात सुरू झालेल्या त्यांच्या या नृत्याला 'ओदोरी नेनबुत्सु' म्हणतात. ज्यांना ग्रंथ वाचता येत नव्हते, त्यांनी ठेक्यावर पावले टाकत धम्माशी नाते जोडले.

याच प्रवाहातून घडलेले लोकनृत्य म्हणजे 'बोन ओदोरी'. उन्हाळ्यात, प्रांतपरत्वे जुलै वा ऑगस्टच्या मध्यास, गावाच्या मोकळ्या जागेत लाकडी मंच उभारतात. त्याला 'यागुरा' म्हणतात. त्यावर 'ताइको' हा मोठा ढोल वाजतो आणि मंचाभोवती आबालवृद्ध फेर धरतात. पावले सोपी आणि पुनःपुन्हा तीच. पाहुण्याने पुढच्याचे हात पाहावेत आणि फेरात शिरावे. प्रेक्षक कोण आणि नर्तक कोण, ही सीमारेषा येथे पुसली जाते. आमच्या मते या नृत्याचे सामर्थ्य यातच आहे.

मात्र त्यातील सारेच आपल्याला स्वीकारता येणार नाही. ओबोन सणाचा आधार उल्लंबन सूत्र आहे. प्रेतयोनीत गेलेल्या मातेच्या सुटकेसाठी मोग्गलानाने वर्षावासाच्या अखेरीस संघाला दान दिले, अशी ती कथा. ती सुटल्याच्या आनंदात तो नाचला आणि त्यातून हे नृत्य आले, असे लोक मानतात. पूर्वजांचे आत्मे त्या दिवसांत घरी येतात, ही श्रद्धाही या सणाशी जोडलेली आहे. परमपूज्य बाबासाहेबांनी १६ ऑक्टोबर १९५६ रोजी याच चंद्रपूर नगरीत धम्मदीक्षा दिली. त्यांच्या बावीस प्रतिज्ञांत श्राद्धपक्ष व पिंडदान न करण्याची प्रतिज्ञा आहे. ती घेतलेल्या समाजाने प्रेतात्म्यांची कल्पना जपानकडून उसनी घेण्याचे कारण नाही. घ्यावयाची ती कृतज्ञता आणि सर्वांना सामावून घेणारा फेर.

जपानी ढोलाचा नाद विदर्भाला नवखा नाही. निप्पोनझान म्योहोजी संघाचे संस्थापक निचिदात्सु फुजी (१८८५–१९८५) १९३१ मध्ये भारतात आले आणि १९३३ मध्ये वर्ध्यास गांधीजींना भेटले. त्यांच्या अनुयायांच्या हाती मुठीचा, पंख्याच्या आकाराचा, एकाच बाजूस कातडे ताणलेला लहान ढोल असतो. नागपूर ही कर्मभूमी मानणारे भदन्त आर्य नागार्जुन सुरई ससाई हेही मूळचे जपानचेच.

फेरही आपल्याला परका नाही. गडचिरोलीच्या अरण्यात माडिया-गोंड बांधव रेला नृत्यात हात गुंफून फेर धरतात. झाडीपट्टीच्या गावांतून दंडार रंगते. आंबेडकरी जलशांनी तर गीत व वग यांतून चळवळ घरोघर नेली. आपल्या वसतिगृहात या सर्व परंपरांतील मुले एका पंगतीत जेवतात. ती एका फेरातही यावीत.

२०२२ मध्ये युनेस्कोने जपानच्या एकेचाळीस लोकनृत्यांची 'फुर्यू ओदोरी' या नावाने मानवतेच्या अमूर्त वारशात नोंद केली. गावे रिकामी होत चालली असताना तेथील जतनमंडळे शाळकरी मुलांना ही नृत्ये शिकवितात. आपल्या खेड्यांतील तरुणही पोटासाठी शहरांकडे जात आहेत. आजीला येणारे गीत नातवाला येत नाही, अशी घरे वाढत आहेत.

म्हणून आमचे उत्तर असे : उपोसथाच्या दिवशी मौन आणि ध्यान, इतर दिवशी फेर. चित्रपटगीतांवरील अंगविक्षेपांना तालपुटाच्या कसोटीवर स्थान नाही. रेला, दंडार व जलसा यांना आहे. माजी विद्यार्थ्यांनी आणि पालकांनी आपल्या गावचे एक तरी गीत, एक तरी ठेका शाळेत येऊन मुलांना शिकवावा, ही नम्र विनंती.