दिग्दर्शक नेमकं काय करतो?

चि. ऋचास,


तुझं पत्र मिळालं. वर्गात तुझ्याहून सरस चित्रं काढणारी मुलं आहेत, मग टीव्हीवरच्या अ‍ॅनिमेशन मालिकेचं दिग्दर्शन आपल्याला कुठलं जमायला, असं लिहितेस. जपानी अ‍ॅनिमेशन दिग्दर्शक इसाओ ताकाहाता स्वतः चित्रकार नव्हते, एवढं आधी लक्षात घे.

तोक्यो विद्यापीठात फ्रेंच साहित्य शिकून ते 1959मध्ये तोएई स्टुडिओत सहायक दिग्दर्शक म्हणून लागले. पहिला चित्रपट हाती यायला 1968 उजाडलं, आणि तोही चालला नाही. 1971मध्ये त्यांनी तोएई सोडली. पुढे 1974मध्ये त्यांची ‘हायडी’ ही मालिका आली: दर आठवड्याला एक, असे 52 भाग. पात्रांची रूपं योइची कोताबे यांची, लेआउट हायाओ मियाझाकी यांचे. मग ताकाहातांनी काय केलं? काय दाखवायचं आणि ते किती वेळ दाखवायचं, हे ठरवलं. आल्प्समधल्या एका पोरक्या मुलीचं खाणं-पिणं, शेळ्यांमागे धावणं, विस्तवावर वितळणारं चीज यांत मुलं रमतील, यावर त्यांचा भरवसा होता. त्यासाठी 1973मध्ये ते सहकाऱ्यांना घेऊन स्वित्झर्लंड पाहून आले.

आता हिशेब बघ. सेकंदाला 24 फ्रेम. एक चित्र तीन फ्रेम धरून ठेवलं, तरी सेकंदाला आठ चित्रं आणि 22 मिनिटांच्या भागाला दहा हजारांवर. दर आठवड्याला एवढी कोण काढणार? म्हणून ओसामू तेझुकांनी 1963च्या ‘अ‍ॅस्ट्रो बॉय’ मालिकेत हात आखडता घेतला: चेहरा स्थिर, फक्त ओठ हलते, तेच चित्र पुन्हा वापरायचं. आज संगणकावर रिग केलेली पात्रं हलतात, पण अ‍ॅनिमेटरचे दिवस मोजकेच असतात. ते कुठे वाचवायचे आणि कुठे सढळ हाताने खर्चायचे, यात दिग्दर्शकाची पारख होते. मारामारीवर सगळेच खर्चतात. रुसलेल्या मुलीने ताट सरकवण्यावर तू खर्चशील का?

म्हणून नोकरी घेताना पगाराइतकंच खातंही बघ. जमलं तर स्टोरीबोर्डच्या टेबलावर जागा मिळव. काम संपल्यावर एडिटरशेजारी बस. अ‍ॅनिमॅटिक, म्हणजे स्टोरीबोर्डची चित्रं वेळेनुसार जोडलेली कच्ची फिल्म, पाहताना एखादा शॉट दहा फ्रेमनी कापला की हसू कसं येतं आणि वीसनी कापला की कसं जातं, ते तिथेच कळेल. रिटेक मागताना ‘मजा येत नाही’ असं कधी म्हणू नकोस. कुठल्या फ्रेमला काय खटकतंय ते सांग. समोरच्याची रात्र वाचते आणि तुझा शब्दही राहतो. त्यासाठी हाताला चित्राची जाण हवीच. ती सोडायला मी सांगत नाही. वर्गात पहिलं येण्याची चिंता तेवढी सोड.

वाचन मात्र थांबवू नकोस, आणि फक्त अ‍ॅनिमेशन पाहून अ‍ॅनिमेशन करू नकोस. भाजीवाली सुटे पैसे कसे मोजते, म्हातारा माणूस जिना कसा उतरतो, ते बघ.

शो-रील नंतर कर. आधी आपल्या घरातल्या एखाद्या साध्या प्रसंगाचा एक मिनिटाचा स्टोरीबोर्ड काढ, प्रत्येक शॉटखाली सेकंद लिही आणि मला पाठव. चित्रं कशी आली आहेत हे मी बघणार नाही. सेकंद मात्र तपासणार आहे.

तुझी,
मावशी