हिशेबाची विद्या आणि सेवेचा मार्ग

कांजूरमार्ग (पूर्व), मुंबई

चि. मुक्ता हिस अनेक उत्तम आशीर्वाद.

पत्र लिहिण्यास कारण की, पवईतील वित्तकंपनीची नोकरी सोडून समाजकार्यास वाहून घ्यावे, असे मुक्ताच्या मनात असल्याचे घरी समजले आहे. विचार स्तुत्य आहे. मात्र नोकरीबरोबर कर्ज, व्याज आणि हप्ते यांची विद्याही मागे टाकावी लागेल, असा जो समज त्यामागे दिसतो, तो तपासून घेणे आवश्यक आहे. त्यासाठी प्रेमाताई पुरव आणि त्यांच्या कन्या मेधा पुरव-सामंत या मायलेकींच्या कार्याचा अभ्यास उपयोगी पडेल.

गोवामुक्तीच्या लढ्यात भाग घेतलेल्या प्रेमाताई पुढे मुंबईच्या कामगार चळवळीत आल्या आणि १९७५ साली त्यांनी अन्नपूर्णा महिला मंडळाची स्थापना केली. गिरणगावात कोकणातून व घाटावरून एकटे आलेले कामगार ज्या बायकांच्या घरी महिन्याच्या बोलीवर जेवत, त्या खानावळवाल्या वाण्याकडून उधारीवर धान्य भरत आणि अडीनडीला सावकाराकडून पैसे उचलत. सावकारी व्याज महिन्याच्या हिशेबाने चालते. शेकडा पाच हा दर ऐकण्यास किरकोळ वाटला, तरी वर्षाकाठी तो शेकडा साठ होतो. दुसरीकडे, १९६९ साली चौदा बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले होते आणि १९७२ पासून विभेदक व्याजदर योजना, म्हणजे अत्यंत दुर्बल कर्जदारांना वार्षिक चार टक्के दराने कर्ज देण्याची योजना, लागू झालेली होती. योजना होती आणि गरजूही होत्या. पण तारण ठेवण्यास काही नसलेल्या खानावळवालीला बँकेच्या दारापर्यंत नेणारे कोणी नव्हते. मंडळाने या स्त्रियांचे गट बांधले आणि त्यांना राष्ट्रीयीकृत बँकेचे कर्ज मिळवून दिले. प्रेमाताईंना २००२ साली पद्मश्री मिळाली. त्यांच्या कार्याचे मर्म मात्र असे की, त्यांनी या बायकांना मदतीस पात्र असलेले दुर्दैवी जीव न मानता धंदा चालवणाऱ्या कर्जदार मानले.

मेधाताईंचा मार्ग मुक्ताच्या अधिक जवळचा आहे, कारण त्या स्वतः बँकेतील नोकरी सोडून या कामात आल्या. १९९३ पासून पुण्याच्या वस्त्यांत त्यांनी उभारलेले काम पुढे ‘अन्नपूर्णा परिवार’ या नावाने पुण्यात व मुंबईत विस्तारले. भाजी विकणारी किंवा तत्सम छोटा धंदा करणारी स्त्री ही त्यांची सभासद. समूह हमी, म्हणजे गटातील स्त्रियांनी एकमेकींच्या परतफेडीची जबाबदारी घेणे, हा या व्यवहाराचा पाया आहे; येथे दागिन्याच्या किंवा सातबाऱ्याच्या जागी शेजारणीचा शब्द तारण राहतो. त्यांच्या कामात कर्जाच्या जोडीला परस्पर साहाय्याचा विमा आला, ज्यात सभासदांच्याच वर्गणीतून आजारपणाचा खर्च भागवला जातो, आणि कष्टकरी आयांच्या मुलांसाठी पाळणाघरेही आली. कर्जवसुली जाणणाऱ्या माणसाला या जोडीचे कारण सांगावे लागत नाही. गरीब घरातील हप्ता बुडतो तो बहुधा लबाडीमुळे नव्हे, तर घरातील आजारपणामुळे किंवा मूल सांभाळण्यास कोणी नसल्याने बुडालेल्या रोजीमुळे. म्हणून हप्ता थकण्याचे कारण शोधत गेले की दवाखान्याच्या बिलापर्यंत आणि पाळण्यापर्यंत पोहोचावेच लागते.

या विद्येची दुसरी बाजूही मुक्ताने नजरेआड करू नये. लघुवित्त, म्हणजे गरिबांना विनातारण दिलेली छोटी कर्जे, हा व्यवसाय नफ्याच्या घाईने वाढला तेव्हा एकाच घरावर अनेक कंपन्यांची कर्जे चढली, वसुलीचा जाच सुरू झाला आणि ऑक्टोबर २०१० मध्ये आंध्र प्रदेश सरकारला त्याविरुद्ध अध्यादेश काढावा लागला. फसगत कित्येकदा साध्या गणितातच दडलेली असते. दहा हजारांचे कर्ज वर्षभरात बारा समान हप्त्यांत फेडायचे आणि व्याज बारा टक्के ‘सपाट’ दराने, म्हणजे मूळ रकमेवरच, आकारायचे ठरले, तर व्याज बाराशे रुपये होते. मुद्दल मात्र दरमहा फिटत गेल्याने वर्षभरात कर्जदाराकडे सरासरी सुमारे चोपन्नशे रुपयेच राहतात. त्यामुळे घटत्या शिलकीच्या हिशेबाने खरा दर बावीस टक्क्यांच्या आसपास जातो. हे गणित मुक्ताला झोपेतही येते, पण ज्या बाईच्या अंगठ्यावर किंवा सहीवर तो करार उभा असतो, तिला ते कोणी समजावून सांगत नाही. रिझर्व्ह बँकेने २०२२ साली आखून दिलेल्या चौकटीनुसार, वार्षिक उत्पन्न तीन लाखांपर्यंत असलेल्या कुटुंबाच्या सर्व कर्जांचे मिळून हप्ते त्याच्या मासिक उत्पन्नाच्या निम्म्याहून अधिक असू नयेत. हा नियमही ज्यांच्या रक्षणासाठी केला, त्यांच्यापर्यंत क्वचितच पोहोचतो.

यास्तव काम शोधण्यासाठी दूर जाण्याचे कारण नाही. कांजूरमार्ग स्थानकाबाहेर पवईच्या रिक्षासाठी मुक्ता ज्या रांगेत उभी राहते, तिच्या आसपासच भाजीच्या टोपल्या आणि पोळीभाजीचे डबे यांवर संसार ओढणाऱ्या स्त्रिया दिसतील. याच परिसरात क्रॉम्प्टनच्या कारखान्याच्या जागी निवासी मनोरे उभे राहिले आणि डबा मागणारे हात बदलले. डबा करणारीची भांडवलाची नड मात्र तीच राहिली. तिला एकदाच दिलेले दान महिन्याभरात संपते. तिच्या कर्जाचा करार वाचून त्याचा खरा दर तिच्या भाषेत सांगणे, बचतगटाची वही नीट लावून देणे आणि चार टपऱ्यांच्या मालकिणींना बँकेपर्यंत नेणे, याचा उपयोग वर्षानुवर्षे टिकतो.

तेव्हा मुक्ताने राजीनाम्याची घाई करू नये. प्रथम एखाद्या विश्वासार्ह सहकारी पतसंस्थेत किंवा बचतगटात सुटीचे दिवस द्यावेत, वसुलीच्या बैठकीस बसावे, हप्ता थकलेल्या घरी जाऊन कारण ऐकावे, आणि संस्थेचा ताळेबंद तिच्या अहवालातील छायाचित्रांच्या आधी वाचावा. दया आली म्हणून हिशेब सैल सोडू नये, कारण संस्था बुडते तेव्हा तिच्यात बचत ठेवणाऱ्या गरीब बाईचेही पैसे बुडतात. इतके करूनही मन याच कामाकडे ओढ घेत असेल, तर नोकरी अवश्य सोडावी. घरातून विरोध होणार नाही. शिकलेली विद्या मात्र सोबत न्यावी, कारण वस्तीत चांगल्या मनाची माणसे पुष्कळ भेटतील. व्याजाचा खरा दर काढून दाखवणारे माणूस तिथे अजून हवे आहे.

कळावे. प्रकृतीस जपावे. अनेक आशीर्वाद.