अम्माऊसच्या वाटेवर



संत लूकलिखित शुभवर्तमानाच्या २४ व्या अध्यायातील अम्माऊसची घटना पास्काच्या आठवड्यात दरवर्षी वाचली जाते. पुनरुत्थानाची साक्ष म्हणून आपण ती ऐकतो. आज तिच्यातील एका लहानशा प्रश्नापाशी थांबू या.

दोन शिष्य यरुशलेम सोडून निघाले आहेत. अम्माऊस साठ स्टेडिया दूर, म्हणजे सुमारे ११ किलोमीटर. वसई रोड स्टेशनवरून पायी निघून विरार मागे टाकण्याइतके. बातम्या त्यांच्याकडे सगळ्या आहेत. येशूला क्रुसावर दिल्याचे त्यांना माहीत आहे. कबर रिकामी असल्याचे स्त्रियांनी सकाळीच सांगितले आहे, काहींनी जाऊन खात्रीही करून घेतली आहे. यातली एकही बातमी खोटी नाही. तरी त्यांचे चेहरे उतरलेले आहेत आणि पाय आपल्या माणसांपासून दूर चालले आहेत.

येशू त्यांच्याबरोबर चालू लागतो आणि कशाविषयी बोलता, असे विचारतो. क्लयपाला नवल वाटते : एवढे घडले आणि या माणसाला पत्ताच नाही! खरे तर त्या तीन दिवसांविषयी येशूइतके कोणाला ठाऊक होते? ते सारे त्याच्या स्वतःच्या देहावर घडले होते. तरीही कोणत्या गोष्टी घडल्या, असे तो पुन्हा विचारतो आणि त्यांना शेवटपर्यंत बोलू देतो. शास्त्र उलगडून सांगणे त्यानंतर.

आपले नेमके उलट होते. कोणाची आई हॉस्पिटलात आहे हे आपल्याला व्हॉट्सअ‍ॅपवर कळलेले असते, म्हणून मिस्सानंतर तो माणूस भेटला तरी आपण विचारत नाही. कळले आहे ना, मग काय विचारायचे? मयताची बातमी ग्रुपवर येते, जोडलेल्या हातांची रांग लागते आणि आपले कर्तव्य झाले असे वाटते. त्या घरात मात्र आठ दिवसांनी ओटीवर एकटीच विधवा बसलेली असते. मुलगा कॅनडाहून रोज व्हिडिओ कॉल करतो, तो बिचारा आणखी काय करणार? पण त्या बाईला जे सांगायचे आहे, ते शेजारी बसणाऱ्यालाच सांगता येते. तिचे सांगणे आपल्याला आधीच माहीत असेल. तरी ऐकावे.

यात मोबाईलला दोष देऊन सुटता येणार नाही. २०२० साली लॉकडाऊनमध्ये चर्चची दारे बंद झाली, तेव्हा त्याच पडद्याने आपल्याला मिस्सा दाखवली. अंथरुणाला खिळलेल्यांना तिचा आधार आजही आहे. पण ख्रिस्तप्रसाद पडद्यातून हातावर येत नाही, हेही आपण तेव्हाच अनुभवले. पोप फ्रान्सिस यांनी २०१९ च्या जागतिक संपर्क दिनाच्या संदेशात हाच फरक दाखवला होता. कुटुंब नेटमुळे अधिक जोडले जाऊन पुढे एका टेबलाभोवती बसत असेल, तर ते साधन उपकारक, असा त्यांचा आशय होता. जुलै २०१८ च्या पावसात वसईत पाणी भरले, लोकल थांबल्या, वीज गेली, मोबाईलही बंद पडले. कोण कसे आहे हे कळायला तेव्हा शेजारच्या दारापर्यंत पाण्यातून जावे लागले, हे अनेकांना आठवत असेल.

अम्माऊसला पोचल्यावर येशू पुढे जाऊ पाहतो. संध्याकाळ झाली म्हणून शिष्य आग्रहाने त्याला थांबवून घेतात. पाहुण्याला थांबवण्याचा हा आग्रह आपल्या गावांना नवा नाही, अलीकडे थोडा कमी झाला आहे एवढेच. तो आग्रह झाला नसता, तर भाकर मोडलीच गेली नसती. भाकर मोडताना त्यांनी त्याला ओळखले आणि त्याच घटकेला उठून, रात्रीचे तेवढेच अंतर चालत ते यरुशलेमला परतले. तिथे अकरा जण आणि इतर एकत्र जमलेले होते.

या आठवड्यात आपल्या लहान ख्रिस्ती समूहाच्या सभेत हा उतारा वाचताना एक यादी करू या : आपल्या वॉर्डातील कोणाकोणाची बातमी आपल्याला आहे, पण त्यांच्या घरी वर्षभरात कोणी गेलेले नाही? पहिल्या घरी दोघांनी कोणत्या दिवशी जायचे, ते सभा संपण्यापूर्वी ठरवावे.