आईचं लोणचं, शंभर जाहिराती आणि एक सिनेमा : गौरी शिंदेंकडून काय शिकायचं?

जाहिरातीवरच्या व्हिडिओत गौरी शिंदेंचं नाव घाईघाईत येऊन गेलं. म्हणून आज त्यांच्यावरच जरा निवांत बोलू.

गौरी शिंदे पुण्याच्या. सिंबायोसिसमध्ये मास कम्युनिकेशन शिकल्या, मुंबईत जाहिरात एजन्सीत नोकरी केली, पुढे स्वतः जाहिराती दिग्दर्शित करू लागल्या. २००१ मध्ये त्यांनी 'ओह मॅन!' ही शॉर्ट फिल्म केली, ती बर्लिनच्या महोत्सवापर्यंत गेली. पण त्यांचा पहिला मोठा सिनेमा 'इंग्लिश विंग्लिश' थिएटरला लागला ५ ऑक्टोबर २०१२ ला. म्हणजे मधे अकरा वर्षं गेली! आतापर्यंत त्यांच्या नावावर शंभराच्या वर जाहिराती आहेत.

आता धंद्याच्या नजरेनं बघा. जाहिरात म्हणजे काय? छोटी ऑर्डर. पैसा ग्राहकाचा, तारीख त्याची, आणि तीस सेकंदांत एकच गोष्ट सांगायची. जमलं तर पुढचं काम. म्हणजे शिकणंही चालू आणि घरात पैसाही चालू. आपल्याकडे उलटं दिसतं. शंभर पाकिटांची ऑर्डर आली, की "एवढ्याशासाठी कोण भट्टी पेटवते?" म्हणून भाऊ ती परत करतात आणि मोठ्या ऑर्डरची वाट पाहत बसतात. मोठी ऑर्डर आली, की पॅकिंगपासून सगळंच पहिल्यांदा करायचं असतं. मग व्हायचं तेच होतं.

एक गोष्ट मात्र झाकून ठेवायची नाही. गौरीताईंचे पती आर. बाल्की तोवर 'चीनी कम' आणि 'पा' करून बसले होते, आणि 'इंग्लिश विंग्लिश'च्या निर्मात्यांत ते होते. राकेश झुनझुनवाला आणि डी-मार्टवाले राधाकिशन दमानी हेही निर्माते! असं पाठबळ सगळ्यांना मिळत नाही. पण पाठबळ मिळालं तेव्हा मांडायला गोष्ट तयार होती, आणि ती गोष्ट होती घरातली.

त्यांची आई पुण्यात घरातूनच लोणच्याचा व्यवसाय करायची. आई मराठी बोलणारी, इंग्रजी कच्चं. इंग्रजी शाळेत शिकणाऱ्या मुलीला त्याची लाज वाटायची. पुढे त्यांनीच मुलाखतींत सांगितलं, की हा सिनेमा म्हणजे आईची मागितलेली माफी आहे. त्यातून आली शशी गोडबोले, घरी लाडू करून विकणारी. पंधरा वर्षांनी पडद्यावर परतलेल्या श्रीदेवीनं ती केली.

अकोल्याच्या जुन्या शहरातल्या घराघरांत अशा शशी आहेत. पापड, कुरडया, शेवया, मसाले करतात. विचारलं तर म्हणतात, "काही नाही सर, घरीच असते." हिशोबाची वही नाही, स्वतःच्या मजुरीचा भाव धरलेला नाही. सिनेमात न्यूयॉर्कच्या क्लासमधला मास्तर शशीला सांगतो, की तू करतेस त्याला 'आंत्रप्रेन्योर' म्हणतात. ती तो शब्द घोळवत रस्त्यानं चालते. ताई, तो भाग पुन्हा बघा. आणि त्या क्लासची फी ती कशातून भरते? लाडूच्या पैशातून!

शेवटी तर कमालच आहे. लग्नाच्या दिवशीच तिच्या क्लासची परीक्षा असते, आणि लाडवांचं ताट पडतं. ती परीक्षा सोडते आणि लाडू परत वळते. माझ्या मते अख्ख्या सिनेमात धंद्याचा सगळ्यात पक्का निर्णय तो आहे. चूक तिची नसते, पण लाडू तिच्या नावाचे असतात.

आता तुमचा गृहपाठ. मोबाइलवर तीस सेकंद लावा आणि आपल्या मालाबद्दल बोला, मराठीत, वऱ्हाडीत, जमेल तसं. साधारण साठ-सत्तर शब्द बसतील. त्यात चव, शुद्धता, भाव, घरपोच असं सगळं कोंबू नका, एकच गोष्ट घ्या. उदाहरणार्थ, "आमची कुरडई तळली की तेल पीत नाही." मग ते शेजारच्या काकूंना ऐकवा आणि दुसऱ्या दिवशी विचारा, काय लक्षात राहिलं? काकूंनी तीच गोष्ट सांगितली, तर पाकिटावर तीच छापा. दुसरंच काही सांगितलं, तर परत तीस सेकंद लावा.