'कोतोको' : मातेच्या भीतीचे निदान

शिन्या त्सुकामोतो या जपानी दिग्दर्शकाच्या 'कोतोको' (२०११) या चित्रपटाला त्याच वर्षी व्हेनिस महोत्सवात 'ओरिझोन्ती' विभागाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. मूळ कथाकल्पना प्रमुख भूमिका करणाऱ्या कोक्को या गायिकेची. प्रत्येक बालरोगतज्ज्ञाने हा चित्रपट पाहावा, असे मला वाटते.

कोतोको तान्ह्या मुलाला एकटीने वाढवते आहे. तिला एका माणसाच्या जागी दोन दिसतात. त्यांतला खरा कोणता, हे कळत नाही. गाताना मात्र हा भास थांबतो. बाळाला कोणी मारील, आपल्याच हातून ते पडेल, या भयाने ती पोखरली जाते. मूल बहिणीकडे सोपवले जाते. पुढे ते परत मिळते. परंतु क्रूर जगापासून त्याची सुटका करण्यासाठी तिचेच हात त्याच्या गळ्याकडे वळतात.

दिग्दर्शक आजाराचे नाव सांगत नाही आणि तो केवळ प्रसूतीशी जोडताही येणार नाही. तथापि, आपल्या बाह्यरुग्ण विभागासाठी त्यात मोठा धडा आहे.

प्रसूतीनंतरचा रडवेलेपणा बहुधा दोन आठवड्यांत ओसरतो. तो टिकला, तर नैराश्याचा विचार करावा. बाळाला इजा करण्याचे नकोसे विचार अनेक मातांच्या मनात येतात. ते चुकीचे आहेत हे त्यांना ठाऊक असते आणि लाजेपोटी त्या ते लपवतात. अशी माता सहसा धोकादायक नसते. तिला धीर व उपचार हवे असतात. मात्र भास होऊ लागले, झोप उडाली, बाळाच्या मरणातच त्याचे हित आहे अशी खात्री वाटू लागली, तर तो प्रसूतीपश्चात मनोविकार होय. हजार प्रसूतींमागे एक-दोन मातांना तो होतो. अशा वेळी बाळाला तिच्याजवळ एकटे न ठेवता त्याच दिवशी मनोविकारतज्ज्ञ गाठावा.

माता स्वतःसाठी डॉक्टरांकडे क्वचितच येते. पण सहाव्या, दहाव्या व चौदाव्या आठवड्यांच्या लसींसाठी बाळाला घेऊन आपल्याकडे येतेच. एडिंबरो प्रश्नावलीचे दहा प्रश्न विचारण्यास वेळ नसेल, तर निदान दोन विचारावेत : "बाळ झोपल्यावर तुम्हाला झोप लागते का? मनात भीतिदायक विचार येतात का?"

उपचार म्हणजे ताटातूट नव्हे. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यानुसार तीन वर्षांखालील मुलाला उपचार घेणाऱ्या मातेपासून सामान्यतः वेगळे करू नये. बंगळुरूच्या निम्हान्समध्ये माता-बालक कक्षही आहे.

चित्रपटाच्या अखेरीस मोठा झालेला मुलगा आईला भेटायला मनोरुग्णालयात येतो. वेळीच विचारलेला एखादा प्रश्न अशी कित्येक वर्षे वाचवू शकतो.